‘यांचं’ नावाच्या फायली

आता कुणाच्याही मशीनला हात लावायचा नाही, असं स्मिताबाईंनी घट बसले त्याच दिवशी ठरवून टाकलं होतं. देवी आपल्या जागी बसली, आपणही आपल्या जागी बसावं. पंच्याहत्तरी उलटली होती. एका डोळ्यातला मोतीबिंदू काढून झाला होता, दुसऱ्यातला काढायचा होता, आणि गुडघे तर छत्रीबागेतल्या घराच्या त्या उभ्या जिन्यापायी केव्हाच कामातून गेले होते. तरी फोन यायचे. कुणाचं आधार लिंक होत नसे, कुणाच्या मोबाइलमधले लग्नाचे फोटो उडालेले असत, कुणाच्या सुनेला सासूचा पासवर्ड हवा असे. काकी, तुम्ही तर कॉम्प्युटरवाल्या, असं म्हणून एकदा माणूस सुरू झाला की नाही म्हणायची सोय उरत नसे.

कॉम्प्युटरवाल्या त्या होत्या, हे मात्र खरं. इंदूरच्या एका कॉलेजात जन्मभर त्यांनी मुलांना प्रोग्रॅम लिहायला शिकवलं. सुरुवात झाली तेव्हा जाड पुठ्ठ्याच्या कार्डांना भोकं पाडून प्रोग्रॅम लिहीत. गठ्ठा हातातून निसटला की पोरं फरशीवर बसून कार्डं पुन्हा क्रमाने लावत, आणि त्याही त्यांच्यात बसत, साडी सावरून. मग टेपा आल्या. ताटाएवढी चकरी, आणि तिच्यावरचं काही हवं असलं तर आधीचं सगळं ओलांडून तिथवर जावं लागे. मधली एकच फाइल उचलायची म्हटलं तरी चकरी फिरत राही आणि त्या खिडकीतून पटांगणातली कडुलिंबाची झाडं बघत उभ्या राहत. निवृत्त झाल्यावरही नाद सुटला नाही. पायथन त्या घरी बसून शिकल्या, कारण नवरा, शाम, केव्हाच गेलेला आणि घरातल्या रिकाम्या दुपारी सरता सरत नव्हत्या. पण अलीकडे थकवा असा होता, की झोपून उठल्यावरही तो शेजारी बसलेला असे.

म्हणून त्या दुपारी बेल वाजली तेव्हा त्या लगेच उठल्याच नाहीत. वाजेल आणि जाईल, असं म्हणून पडून राहिल्या. बेल पुन्हा वाजली नाही, पण दाराबाहेर कुणीतरी धापा टाकतंय हे ऐकू आलं. उघडलं तर प्रेमलतावहिनी. त्यांची थोरली जाऊ, ऐंशी पार केलेली. लालबागेच्या बाजूला मुलाकडे राहायची, तिथून ई-रिक्षाने एकटी आली होती, दोन जिने चढून. मुठीत रुमाल, आणि रुमालाच्या गाठीत पेनड्राइव्ह, जसे जुन्या बायका देवळात जाताना सुटे पैसे बांधतात तसा.

बसा म्हटलं, बसल्या. पाणी दिलं, ते हातात धरून ठेवलं. गाठ सोडायला वेळ लागला.

स्मिताबाईंना मामला अर्धा ठाऊक होता. सगळ्या गणगोताला ठाऊक होता.

त्यांच्या सासरच्या घराण्यात पूर्वजांनी होळकरांच्या पागेत घोड्यावर नोकरी केलेली. घोडे गेले, पागा गेली, राज्य गेलं. राहिली एक तलवार आणि दसऱ्याची हजेरी. दसऱ्याला तलवारीची पूजा झाली, की घरातला कर्ता पुरुष तिच्यापुढे उभा राहून मूळ पुरुषापासून एकेकाचं नाव घेई, आणि नावापाठोपाठ त्याच्या घोड्याचं. जणू कुणी पागेत पुकारा करतोय. ही हजेरी लिहायची नाही, असा दंडक होता. कागदावरच्या हजेरीला ओ कोण देणार, असं म्हातारे म्हणत. बापाने म्हणायची आणि मुलाने ऐकून ऐकून पाठ करायची. ऐकायची मात्र वर्षातून एकदाच, तीही श्रीखंड निथळून तयार आहे आणि पोटात कावळे ओरडताहेत अशा वेळी. त्यामुळे मोठ्या भावोजींना, म्हणजे वहिनींच्या नवऱ्याला, प्रतापरावांना, ती येत होती आणि त्यांच्या मुलाला, यशवर्धनला, येत नव्हती. अजून वेळ आहे, असं बापलेक दोघंही म्हणत राहिले.

गेल्या वर्षी श्रावणात भावोजी गेले. गेला दसरा सुतकाच्या वर्षात तसाच सरला. आता हा पहिला, आणि कर्ता पुरुष यश.

तसं काळजीचं कारण नव्हतं. भावोजींची छाती भरायला लागली तेव्हा डॉक्टरांनी रोज थोडं मोठ्याने बोलायला सांगितलं होतं. ते बोलायचे आणि वहिनी मोबाइलवर भरून ठेवायच्या. यशचा मुलगा देवांश तेव्हा नोकरीसाठी बंगळूरला निघाला होता. जाण्याआधी त्याने आजीला घरच्या कॉम्प्युटरवर एक छोटी खिडकी करून दिली. वायर लावायची, चौकटीत नाव टाइप करायचं, बटण दाबायचं. की ते बोलणं जाऊन एका गाठोड्यात पडे. झिप म्हणतात ते. सगळं एका जागी, इकडेतिकडे हरवायला नको. वहिनींनी हे जवळजवळ वर्षभर न चुकता केलं, आणि गाठोड्यात टाकून झालं की मोबाइलवरचं पुसून टाकलं, कारण मोबाइल भरला की बंद पडे. हजेरीही त्यातच होती. वहिनींना पक्कं आठवत होतं. भावोजी गादीवर उठून बसले होते, टोपी मागवून घेतली होती, आणि मग म्हणाले होते.

या आठवड्यात यशने ते गाठोडं पेनड्राइव्हवर घेऊन एका दुकानात उघडून आणलं. आतून निघालं एकच बोलणं. त्यात भावोजी दूधवाल्याशी दुधातल्या पाण्यावरून भांडत होते.

यश वाईट मुलगा नव्हता. देपालपूरला त्याचं पंपांचं दुकान, रोज जाऊन येऊन माणूस पिचून गेलेला. तो फक्त एवढंच म्हणाला होता, "आई, तू तर सगळंच मिटवून टाकलंस." मग जेवायला बसला. पण त्या दिवसापासून वहिनींचं जेवण सुटल्यासारखं झालं होतं. ताटावर बसत, चिवडत, उठत. सुनेने सांगितलं म्हणून स्मिताबाईंना कळलं होतं, आणि कळूनही त्या गप्प राहिल्या होत्या. मशीनला हात लावायचा नाही, असं ठरलं होतं ना.

आता वहिनींनी पेनड्राइव्ह टेबलावर ठेवला. म्हणाल्या, "यशने सांगितलं, दुकानवाल्याने सांगितलं. तू एकदा बघ. नाही म्हणालीस तर नाही. पण तुझ्या तोंडून ऐकलं की मी मानीन, बस."

यावर नाही म्हणायला जी ताकद लागते, ती स्मिताबाईंकडे त्या दिवशी नव्हती. त्यांनी चष्मा पुसला, लॅपटॉप उघडला.

पहिल्याच नजरेला त्या थबकल्या. गाठोडं जड होतं. दूधवाल्याचं भांडण असून असून केवढं असणार. आणि इथे तर एखाद्या गवयाच्या रात्रभराच्या मैफलीएवढा भार दिसत होता. पिशवीतून एकच लिंबू निघावं आणि पिशवी मात्र उचलता येऊ नये, तसं काहीतरी. पण त्या बोलल्या नाहीत. म्हाताऱ्या माणसाला अर्धवट आशा दाखवणं हे वाईट. त्यांनी आपल्या आजारी सासूच्या वेळी ते करून पाहिलं होतं.

पायथनमध्ये अशा गाठोड्यांसाठी तयार लायब्ररी असते. शहाण्या माणसांनी लिहून ठेवलेली आयती हत्यारं, दुसरं काही नाही. गाठोडं सगळं न सोडताच आत काय काय आहे ते तिला विचारता येतं, आणि हवी ती एकच फाइल वाचता येते. टेपेसारखं पहिल्यापासून फिरावं लागत नाही. गाठोड्याच्या शेवटी एक यादी शिवलेली असते, कोण कुठे बसलंय त्याची. लायब्ररी आधी ती यादी वाचते आणि थेट तिथेच जाते. पहिल्यांदा हे शिकल्या तेव्हा स्मिताबाईंना त्या टेपेपुढे उभं राहून घालवलेल्या दुपारी आठवल्या होत्या, आणि उगीच राग आला होता.

त्यांनी यादी मागितली. दोन ओळींचं काम.

पडद्यावर उमटलं: यांचं. त्याखाली: यांचं. त्याखाली: यांचं. यांचं, यांचं, यांचं, असं वरून खालपर्यंत, पडदा भरून, आणि पडदा वर सरकवला तरी पुढे आहेच.

स्मिताबाईंनी यादी तळापर्यंत सरकवून पाहिली. मग खुर्ची वळवून त्यांनी विचारलं, की वहिनी, त्या चौकटीत तुम्ही नाव काय टाइप करत होतात.

वहिनींनी पदर सारखा केला. "नाव कसं घेणार मी यांचं?"

"घ्यायचं नव्हतं वहिनी, लिहायचं होतं."

"एकच ते," वहिनी म्हणाल्या. मग जरा रागानेच, "लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच. मग कधी नाही. रेशनकार्डाच्या साहेबापुढेही मी दारावरच्या पाटीकडे बोट दाखवलं होतं. आता शेवटी शेवटी यांचं नाव लिहिते होय? यांचं बोलणं म्हणून यांचं लिहिलं. त्यात काय चुकलं?"

चुकलं असं काहीच नव्हतं. देवांशला वाटलं असणार, आजी रोज वेगळं नाव देईल. आज दवाखाना, उद्या आंब्याचं लोणचं. घरात आजोबांना कुणी आबा म्हणे, कुणी प्रतापराव, कुणी इंदुरी तऱ्हेने भिया, म्हणजे भय्या. त्याच्या डोक्यात आलंच नसेल, की एक माणूस असाही आहे ज्याच्या तोंडी या माणसाचं नावच नाही. त्याच्या खिडकीने जे येईल ते मुकाट्याने गाठोड्यात भरलं. या नावाचं आधीच एक आहे, हे तिने पाहिलं असेल नसेल, पण आजीला विचारलं नाही. गाठोड्याला एकाच नावाच्या कितीही वस्तू चालतात. अडचण बाहेर काढताना होते. दुकानवाल्याचं मशीन प्रत्येक वेळी विचारत असणार, की या नावाची फाइल आधीच आहे, तिच्या जागी ही ठेवू का. आणि त्याने घाईत एकदाच सगळ्यांसाठी हो म्हणून टाकलं असणार. एकावर एक बसत गेलं. सगळ्यात शेवटचा वर राहिला, तो दूधवाला.

हे सगळं स्मिताबाईंनी सांगितलं नाही. एवढंच म्हणाल्या, की वहिनी, तुम्ही काही मिटवलेलं नाही. सगळं आत आहे.

वहिनींनी हातातलं पाणी तेव्हा प्यायलं. एका दमात नाही, घोट घोट, आणि पेला खाली ठेवून म्हणाल्या, "नक्की?"

"ऐकवते."

लायब्ररीला नाव सांगून फाइल मागितली तर ती शेवटचीच द्यायची. तेच दूध, तेच पाणी. स्मिताबाईंनी म्हणून नावाने मागितलंच नाही. यादीतल्या जागेवर बोट ठेवलं, की जी अगदी पहिली बसलीय ती दे. आणि लॅपटॉपच्या बारक्या भोंग्यातून खाकरणं आलं, खाटेची करकर आली, आणि मग मोठे भावोजी म्हणाले, की चालू झालं का ते, लाल दिवा तर दिसत नाही.

वहिनी बसल्या जागी सरळ झाल्या. त्यांचा हात आपोआप डोक्यावरच्या पदराकडे गेला.

स्मिताबाईंनी खिडकीकडे पाहिलं. कुणी ऐकत असताना त्याच्याकडे बघू नये, एवढं त्यांना कळत होतं. शिवाय त्यांच्या मनात दुसरंच आलं होतं. त्यांनी आपल्या नवऱ्याला पहिल्या दिवसापासून शाम म्हटलं. चारचौघांत, सासूसमोर, अगदी अरेतुरे. सासू कितीतरी दिवस बोलली नव्हती आणि वहिनी स्वयंपाकघरात तोंडावर पदर धरून हसल्या होत्या. शाम गेला तेव्हा मोबाइल नव्हते. टेपरेकॉर्डर होता, पण त्यावर रेडिओतली गाणी भरली. घरातल्या माणसाचं बोलणं काय भरायचं, ते तर रोजचंच. आज शामचा आवाज त्यांना आठवतो असं वाटायचं आणि धरायला गेलं की तो त्यांच्याच आवाजात बोलायचा. नाव भरपूर घेतलं होतं. आवाज मात्र एका शब्दाचाही नाही.

त्यांनी सुचवलं, की प्रत्येक फाइलला तारीख चिकटलेली दिसते. हजेरी साधारण कधी म्हटली ते आठवलं, तर थेट तिथेच जाऊ. वहिनींना तारीख आठवेना. थंडी होती की उन्हाळा, तेही आठवेना. खोलीत कधी गोधडी असे आणि कधी पंखा, आणि कधी दोन्ही. मग त्या म्हणाल्या, "जाऊ दे. पहिल्यापासून लाव."

म्हणजे झालं. जगातल्या हुशार लोकांनी थेट मधलं पान उघडायची सोय केली, आणि वहिनींनी पुन्हा टेप लावायला सांगितली. स्मिताबाईंना हसू आलं, आणि पाठ दुखत होती तरी त्यांनी खुर्ची पुढे ओढली.

एकेक करून ऐकत गेल्या. भावोजी सांगत होते, की सराफ्यातल्या रात्रीच्या गाड्यांवर भुट्ट्याचा कीस आता कसा पाण्यासारखा करतात. भावोजी आपल्या आत्याचं लग्न सांगत होते, ज्यात वरातीचा घोडा मंडपातली केळी खाऊन गेला. एका फाइलमध्ये नुसता श्वास होता आणि मागे कचऱ्याच्या गाडीचं गाणं. वहिनी म्हणाल्या, की त्या दिवशी बोलवेना, मी म्हटलं राहू दे, तर म्हणाले चालू ठेव, डॉक्टरला काय सांगशील. एकीत ते लालबागेतल्या जत्रेत हरवलेल्या लहानग्या यशबद्दल बोलत होते, की हरवल्यावर पोरगं रडलं नाही, भोंग्यावर आपल्या बापाचं पूर्ण नाव ठणठणीत सांगून बसलं.

आणि मग एकीत बोलून झाल्यावर मशीन बंद करायचं राहिलं होतं. कपबशीचा आवाज आला. भावोजींनी सहज विचारलं, "गाठोड्यात टाकतेस त्याला नाव काय देतेस गं?"

लांबून वहिनींचा आवाज, "देते काहीतरी."

"काय देतेस?"

"यांचं."

"सगळ्यांना?"

"मग दुसरं काय?"

भावोजी हसायला लागले. हसता हसता खोकला आला, खोकता खोकता पुन्हा हसू आलं, आणि दम लागल्यावर ते म्हणाले, "अरे वा. म्हणजे उद्या कुणी शोधायला निघालं तर मी सापडणारच नाही. बढिया काम केलंस."

लॅपटॉपपुढे बसलेल्या वहिनी त्यांच्यावर रागावल्या. आताच रागावल्या, जणू ते पलीकडच्या खोलीत होते. "तेव्हा सांगायचं ना नीट. हसत काय बसले," असं म्हणाल्या आणि डोळे पुसायला तोच रुमाल घेतला, ज्यात पेनड्राइव्ह बांधून आणला होता.

स्मिताबाई उठून चहा टाकायला गेल्या. ओट्याशी उभं राहवेना म्हणून स्टुलावर बसल्या. चहाबरोबर त्यांनी सकाळचे पोहे गरम केले, वर शेव आणि जिरावणाचा मसाला घातला, आणि बशी वहिनींच्या पुढे ठेवली. वहिनींनी खाल्ले. आणखी मागितले. दुपार कलायला लागली होती, खान नदीकडून तो नेहमीचा कुबट वारा येऊ लागला होता, आणि स्मिताबाईंच्या चांगल्या डोळ्यातूनही आता पाणी यायला लागलं होतं. रडू नव्हे, नुसता पडदा बघून बघून. उरलेलं उद्या, असं त्या म्हणणारच होत्या.

पण बोट पुढच्या ओळीवर होतं, ते दाबलं गेलं. भावोजी म्हणाले, "टोपी दे."

वहिनींनी बशी खाली ठेवली.

हजेरी सुरू झाली. दर दसऱ्याला प्रतापराव ती खणखणीत म्हणत, घर दणाणून जाई. इथे मात्र एकेक नाव जिन्याची पायरी चढावी तसं येत होतं. नाव, मग श्वास, मग घोडा, मग श्वास. मूळ पुरुष, त्याची पंचकल्याणी. त्याचा मुलगा, त्याचा अबलख. एक जण लढाईत पडला, त्याची घोडी एकटी परत आली, तिचंही नाव होतं. पुढे पुढे घोडे म्हातारे होत गेले. भावोजींच्या आजोबांचा तर पागेतला शेवटचा, जो नंतर टांग्याला जुंपला. मग घोडे संपले, पण हजेरीला त्याची फिकीर नव्हती. भावोजींचे वडील मिलमध्ये कारकून होते, त्यांच्या नावापुढे आली काळी सायकल. भावोजींच्या वडिलांचं नाव आलं तेव्हा वहिनींनी नेहमीसारखी मान खाली घातली. सासऱ्यांचं नाव त्या मान वर करून कधी ऐकतही नसत.

"बस," भावोजी म्हणाले. "पुढचं माझं. ते मी नाही म्हणायचं, ते यशने. बंद कर आता."

कळ दाबल्याचा आवाज आला.

स्मिताबाईंनी ती एक फाइल वेगळी काढून ठेवली, गाठोड्याची आणखी एक प्रत स्वतःजवळ करून घेतली, आणि मग म्हणाल्या, की थांबा, सगळ्याच बाहेर काढून देते, प्रत्येकीला वेगळं नाव देऊन. एक हे भुट्ट्याचं, एक लग्नाचं, म्हणजे पुन्हा हा घोळ नको.

वहिनींनी त्यांच्या मनगटावर हात ठेवला. "नको. बाकीचं राहू दे आत. एकदम सगळं काढलं की संपेल. मी येईन तेव्हा एकेक काढ."

गाठोड्यातून काढलं तरी आतलं कमी होत नाही, हे स्मिताबाई सांगू शकल्या असत्या. वर्गात त्यांनी ते कितीदा सांगितलं होतं. सांगितलं नाही. वाकून लॅपटॉप मिटला.

संध्याकाळी यश आईला न्यायला आला. देपालपूरहून परतताना तसाच आलेला, चपला पायात, शर्टाला ग्रीस. स्मिताबाईंनी त्याला काही समजावलं नाही, हजेरी लावली. तो उंबऱ्यावरच बसला. संपल्यावर पुन्हा लावायला सांगितली. मग आईकडे न बघता म्हणाला, "आई, मी विचारायला पाहिजे होतं." वहिनी म्हणाल्या, की चल, उशीर झाला, सून वाट बघत असेल. जिना उतरताना त्याने आईला दोन्ही हातांनी धरलं होतं, आणि त्या त्याला सांगत होत्या, की दूधवाला आजही पाणीच घालतो.

दसऱ्याला स्मिताबाई जाणार नव्हत्या. दोन दिवस त्यांनी पाठ टेकून काढले होते. पण यशने गाडी पाठवली, तेव्हा गेल्या. यशच्या फ्लॅटच्या बैठकीत तलवार पाटावर, झेंडूची माळ, बाप्ये पुढे आणि बायका मागे स्वयंपाकघराच्या दाराशी, पूर्वीसारख्याच. स्मिताबाईंना गुडघ्यांमुळे प्लास्टिकची खुर्ची दिली होती. वहिनी तिच्या पाठीला हात टेकून उभ्या होत्या.

यशने कागद घेतला नव्हता. सगळे दिवस देपालपूरच्या वाटेवर येता-जाता त्याने ती फाइल ऐकली होती, असं सून कुजबुजली. त्याने सुरुवात केली आणि स्मिताबाईंच्या लक्षात आलं, की तो नुसती नावं घेत नाहीये. जिथे बापाचा श्वास तुटला होता, तिथे हाही थांबत होता. पाठ करताना ते सगळंच पाठ झालं होतं. पंचकल्याणी गेली, अबलख गेला, एकटी परतलेली घोडी गेली, टांग्याचा घोडा गेला. आजोबा, काळी सायकल.

"प्रतापराव," यश म्हणाला, आणि थांबला.

हा थांबा शिकलेला नव्हता. पुढे सांगणारं कुणी नव्हतं. उभ्या जन्मात प्रतापराव एकाच वाहनावर बसले, हे तिथे जमलेल्या प्रत्येकाला माहीत होतं. यशही तिच्याच पुढच्या जागेत पाय दुमडून शाळेत गेला होता. पण एवढ्या घोड्यांच्या रांगेत, तलवारीसमोर, चुलत्यांसमोर ते म्हणावं की नाही, हे त्याला कळेना. शेवटी त्याने बापासाठी घेतलेली मोटार होती, तिचं नाव घ्यावं का? ती तर आबांना आवडायचीच नाही. पुढे बसलेला एक चुलता खाकरला.

"निळी लूना," मागून आवाज आला.

हजेरीत बाईचा आवाज त्या घरात कुणी ऐकला नव्हता. वहिनी खुर्चीची पाठ घट्ट धरून उभ्या होत्या, तलवारीकडे बघत. नाव त्यांनी घेतलं नव्हतं. नावापुढचं तेवढं सांगितलं होतं.

यशने मान वळवली नाही. "प्रतापराव," तो पुन्हा म्हणाला, या वेळी बापासारखा दणक्यात, "निळी लूना."

जेवणं उशिरापर्यंत चालली. सोनं देताना आपट्याचं पान स्मिताबाईंच्या हातात ठेवून वहिनींनी हळूच विचारलं, की शामभावोजींचं काय होतं गं, त्यांची गाडी. शाम धाकटा, धाकट्याला हजेरीत जागा नसते. स्मिताबाईंना उत्तर शोधावं लागलं नाही.

"पायी जायचा. त्याला चालायलाच आवडायचं."

"हो, खरंच," वहिनी म्हणाल्या. "पायी जायचे. आणि शीळ घालत यायचे, गल्लीच्या तोंडापासून. ती ऐकली की आम्ही कुकर उतरवायचो."

शीळ स्मिताबाई विसरल्या होत्या. घरी जाताना गाडीत त्यांनी डोळे मिटून ती आठवायचा प्रयत्न केला. आली नाही. फार दमल्या होत्या. जिन्याच्या पहिल्या पायरीवर हात टेकून त्या थोडा वेळ उभ्या राहिल्या, आणि तेवढ्यात पर्समधला फोन वाजला. वहिनींचा होता. विचारत होत्या, की घरी पोचलीस का, आणि पुढचं एक ऐकायला सोमवारी आले तर चालेल का.

स्मिताबाई म्हणाल्या, की या. जेवायलाच या.